पूर कृष्णेला येतो, कृष्णाला नव्हे

गेल्या पावसाळ्यातली गोष्ट. कोयनेतून विसर्ग वाढवल्याची पट्टी टीव्हीवर सारखी फिरत होती. सांगलीला आत्या एकटी असते, तिचं घर नदीपासून फार लांब नाही. मी पुण्यात, स्वयंपाकघरात, दोन्ही हात कणकेत. म्हणून फोनला तोंडीच विचारलं, "कृष्णाची पातळी किती?"

फोननं क्षणभर विचार केला आणि एका विनोदी नटाचा हसरा फोटो पुढं केला. खाली वय आणि उंची. पातळी विचारली म्हणून उंची सांगितली असावी, तेवढं डोकं त्यानं चालवलं होतं.

हात धुऊन आत्याला फोन लावला. "पाणी इर्विन पुलाखाली खूप खाली आहे रे, उगाच जीव खालीवर करू नकोस," ती म्हणाली. फोटोचा किस्सा सांगितल्यावर हसली नाही. "तूच चुकलास. कृष्णेची विचारायची. कृष्णाची काय विचारतोस? कृष्णा तो आपला दूधवाला."

एका मात्रेचा हा फरक आत्याला न सांगता कळतो. कोट्यवधी पानं वाचलेल्या यंत्राला तो का कळू नये? हल्ली आपण काहीही शोधलं की यादीच्या आधी यंत्रानं लिहिलेलं तयार उत्तर वर येतं. पूर्वी दहा दुवे यायचे, त्यांतला नदीचा कुठला हे आपण बघून ठरवायचो. आता ते ठरवायचं काम यंत्रानं घेतलंय. म्हणून ते नेमकं कसं ठरवतं आणि कुठं घसरतं, हे बघायला हवं.

एका नावाचे किती धनी?

आधी नुसती मोजदाद करू. महाबळेश्वरला उगम पावणारी कृष्णा. अरबी समुद्र तिथून जेमतेम ६४ किलोमीटरवर, पण ही पाठ फिरवते आणि सुमारे १४०० किलोमीटर चालून बंगालच्या उपसागराला मिळते. मग गोकुळातला कृष्ण. मग द्रौपदी, तिचंही एक नाव कृष्णा. शब्दाचा अर्थच मुळी काळीसावळी, त्यामुळं तो नदीलाही लागला आणि राजकन्येलाही.

आता करमणुकीच्या दुनियेत या. कृष्णा खंडेराव कोंडके, म्हणजे आपले दादा कोंडके. गायिका कृष्णा कल्ले. टीव्हीवरचे कृष्णा अभिषेक, ज्यांचं मूळ नाव अभिषेक शर्मा. तेलुगू पडद्यावरचे 'सुपरस्टार' कृष्णा, साडेतीनशेच्या वर चित्रपट, २०२२ साली गेले. कर्नाटक संगीत गाणारे टी. एम. कृष्णा. शिवाय कऱ्हाडच्या बाजूला तुम्ही नुसतं "कृष्णाची निवडणूक" म्हणालात, तर कुणी नदीकडं बघणार नाही. साखर कारखान्याच्या पॅनेलची चर्चा सुरू होईल.

नद्यांची नावं माणसांना देणं ही आपली जुनी खोड. गंगूबाई, गोदूताई, यमुनाआत्या, भागीरथीकाकू. गंमत अशी की मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात, कोणत्या नावाच्या मुलीशी लग्न करू नये या यादीत, नक्षत्र आणि झाडांबरोबर नद्यांचीही नावं घातलीत. महाराष्ट्रानं ते किती मनावर घेतलं हे कुठल्याही जुन्या कुळवृत्तान्तात दिसेल. पानोपानी नद्या नांदल्यात.

यंत्राला नाव दिसतं कसं?

आपण 'कृष्णा' वाचलं की डोळ्यांपुढं काहीतरी उभं राहतं. घाट, बासरी, दूधवाला, ज्याचं त्याचं. यंत्रापुढं उभी राहते सहा चिन्हांची माळ: क, ऋकाराचं चिन्ह, ष, हलन्त, ण, काना. बस. ती माळ ओली आहे की ती विनोद करते, हे त्या सहा चिन्हांत कुठंच लिहिलेलं नाही.

पूर्वीचा शोध हा माळा जुळवण्याचाच खेळ होता. तुम्ही दिलेली अक्षरं ज्या पानावर जास्त, ते पान वर. २०१२ च्या मे महिन्यात गूगलनं जाहीर केलं की आम्ही यापुढं अक्षरं नव्हे, वस्तू ओळखायला शिकतोय. तेव्हा त्यांनी उदाहरण घेतलं होतं ताजमहालचं. आग्र्याची इमारत, की ताजमहाल याच नावानं गाणारा अमेरिकन संगीतकार? तो ब्लूज गातो, त्याला ग्रॅमी मिळालंय. आपल्याला प्रश्नच हास्यास्पद वाटतो. पण ज्याच्या घरी त्या गायकाच्या तबकड्या आहेत, त्याला आग्रा आठवेलच असं नाही.

वस्तू ओळखायची म्हणजे प्रत्येकीला एक क्रमांक द्यायचा. हे आपल्याला नवीन नाही. गावात पांडुरंग पाटील तीन असतात. चावडीत त्यांचा गोंधळ होत नाही, कारण सातबाऱ्यावर नाव असलं तरी जमीन ओळखली जाते ती गट नंबरानं. तशीच जगातल्या यच्चयावत गोष्टींची सातबारा-वही २०१२ पासून विकिडेटा या नावानं लिहिली जातेय. नदीचा उतारा वेगळा, नटाचा वेगळा. कलाकारांसाठी तर आयएसएनआय नावाचा सोळा अंकी आंतरराष्ट्रीय क्रमांक आहे, आधारपेक्षा चार अंक जास्त. सारख्या नावाच्या दोन गायकांतल्या कोणाचं गाणं वाजलं, हे कळल्याशिवाय मानधन योग्य घरी जायचं कसं?

मजकुरातलं नाव उचलून ते वहीतल्या योग्य उताऱ्याला जोडणं, या कामाला आपण इथं नाव-निश्चिती म्हणू. मराठी विकिपीडियावर त्याच्या जवळचा शब्द आहे 'निःसंदिग्धीकरण'. तो एकदा मोठ्यानं म्हणून बघा आणि मग सोडून देऊ.

निश्चिती होते कशी?

लग्नाच्या पंगतीत कुणी ओरडलं, "अरे पाटील, वाढायला घ्या!" तर सहा जण माना वर करतात. मग आपण बघतो की हाक मारणारा कोण, बघतोय कुठं, कुणाच्या हातात बादली आहे. यंत्रही साधारण हेच करतं. आधी वाक्यातलं नाव कुठलं ते हेरतं. मग त्या नावाचे सगळे उमेदवार वहीतून काढतं. शेवटी एकाच्या गळ्यात माळ घालतं.

पहिलीच पायरी मराठीत निसरडी आहे. इंग्रजीत विशेषनामाचं पहिलं अक्षर मोठं असतं, ती खूण आयती मिळते. देवनागरीत सगळी अक्षरं एका उंचीची. 'सागर आला' म्हणजे भरती आली की मुलगा घरी आला? त्यात इंग्रजीत नदीच्या नावाआधी 'द' लावायची रीत आहे. 'द कृष्णा' म्हटलं की नदीच. आपल्याकडं तसं काही लावत नाहीत. आपली खूण शब्दाच्या दुसऱ्या टोकाला असते, तिच्याकडं येतोच.

माळ घालताना यंत्र दोन गोष्टी तोलतं. एक, या नावानं लोकांना बहुतेक वेळा कोण हवं असतं. दोन, आजूबाजूला कोणते शब्द आहेत. पहिल्या तराजूचा स्वभाव बाजारी आहे. ज्याला गिऱ्हाईक जास्त, त्याचा माल पुढं. 'ॲमेझॉन' म्हणा, दक्षिण अमेरिकेतली ती अवाढव्य नदी किती जणांना आधी आठवते? कंपनी १९९४ सालची, नाव नदीवरून घेतलेलं, आणि आता नदीलाच 'नदी' अशी ओळख जोडावी लागते. पाहुणा घरचा झाला आणि घरधनी दारात उभा.

माझ्या फोनचं तेच झालं. वर्षाचे दहा महिने कृष्णेची पातळी कुणी विचारत नाही. विनोदी कार्यक्रम बाराही महिने चालतात. मग आषाढ-श्रावणात प्रश्न आला तरी तराजू जुन्याच सवयीनं झुकतो.

दुसऱ्या तराजूची यादी दीड हजार वर्षं जुनी

आजूबाजूच्या शब्दांवरून अर्थ ठरवायचा, ही कल्पना सांगताना संगणकवाले फर्थ या ब्रिटिश भाषाशास्त्रज्ञाचा हवाला देतात. १९५७ साली त्यानं म्हटलं होतं की शब्द ओळखावा तो त्याच्या संगतीवरून. खरंच आहे. पण आपल्याकडं भर्तृहरीनं 'वाक्यपदीया'त सुमारे दीड हजार वर्षांपूर्वी याची अख्खी यादी करून ठेवलीय. एका शब्दाचे अनेक अर्थ असतील तर नेमका कुठला, हे कशाकशावरून ठरतं? संयोग, विप्रयोग, साहचर्य, विरोध, प्रकरण, शेजारचा शब्द, औचित्य, देश, काल, व्यक्ती, स्वर... यादी याहून लांब आहे. काश्मीरच्या मम्मटानं पुढं एकेकाला उदाहरणं जोडली.

'हरि' म्हणजे विष्णू, सिंह, माकड, बरंच काही. पण 'शंखचक्र घेतलेला हरि' म्हटलं की विष्णूच. हा संयोग. 'शंखचक्र नसलेला हरि' म्हटलं तरी विष्णूच, कारण जे मुळात असतं तेच नाही म्हणून सांगायचं. हा विप्रयोग, आणि मला तो फार आवडतो. 'राम-लक्ष्मण' म्हटलं की राम दशरथाचा, परशुराम नव्हे. हे साहचर्य. 'चित्रभानू तळपतोय' हे दिवसा म्हटलं तर सूर्य, रात्री म्हटलं तर अग्नी. हा काल. आणि ते संस्कृतच्या तासाचं हमखास उदाहरण: सैंधव आण. जेवायला बसलेला म्हणाला तर मीठ, निघण्याच्या तयारीतला म्हणाला तर घोडा.

आता हीच यादी हातात घेऊन कृष्णेकडं चला. 'कृष्णा-कोयना' म्हटलं की नदी, साहचर्यानं. 'कृष्णा आणि सुदेश' म्हटलं की टीव्ही. 'कृष्णा कोरडी पडली' हा विप्रयोग, कोरडं पडायला आधी पाणी असावं लागतं. 'कृष्णा लवाद' म्हटलं की पाणीवाटपाचं भांडण, तिथं शेजारचा शब्दच पुरा. सांगलीत ऑगस्ट महिन्यात कुणी 'चाळीसला टेकली का?' एवढंच विचारलं तरी पुरतं. ना नदीचं नाव, ना फुटांचं. इर्विन पुलापाशी चाळीस फूट ही इशाऱ्याची खूण, पंचेचाळीस धोक्याची, आणि २०१९ च्या ऑगस्टमध्ये पाणी ५७ फुटांच्या वर गेलं होतं. तेव्हापासून तिथं चाळीस हा आकडा नुसता आकडा राहिलेला नाही. देश आणि काल दोन्ही बोलणाऱ्याच्या अंगावर असतात. पुण्याच्या स्वयंपाकघरातून बोलणाऱ्या माझ्या अंगावर ते नव्हते, आणि फोनला ते कसे दिसावेत?

आणि ती एक मात्रा

भर्तृहरीच्या यादीत 'व्यक्ती' असा एक शब्द आहे. त्याचा अर्थ माणूस नव्हे, व्याकरणातलं लिंग. संस्कृतात 'मित्र' नपुंसकलिंगी घेतला तर दोस्त, पुल्लिंगी घेतला तर सूर्य. मराठीत हे हत्यार अजून धारदार आहे. 'कृष्णा आला' आणि 'कृष्णा आली', काम झालं.

पण त्याहून बारीक कारागिरी सामान्यरूपात आहे. सामान्यरूप म्हणजे विभक्तीचा प्रत्यय लागण्याआधी शब्द जो बदलतो तो. शाळा, पण शाळेला. गंगा, पण गंगेला. म्हणून कृष्णा, पण कृष्णेला. देव कृष्ण, त्याचं कृष्णाला. दूधवाला कृष्णा, त्याचंही कृष्णाला. नदीला पूर आला तर 'कृष्णेला पूर आला'. 'कृष्णाला पूर आला' म्हटलं तर त्याला आनंदाचा वगैरे आला असावा.

अजून एक गंमत बघा. हा 'ए' आपण कुणालाही देत नाही. रामायणातली सीता असेल तर 'सीतेला वनवास घडला', पण शेजारची सीता असेल तर 'सीताला जरा बोलाव'. द्रौपदी जुन्या लेखनात 'कृष्णेची विटंबना' अशी येते, पण कृष्णा कल्ले यांच्याबद्दल लिहिताना कुणी 'कृष्णेचं गाणं' म्हणणार नाही. नद्या आणि पुराणातल्या बायका एका बाकावर, आपल्या ओळखीच्या बायका दुसऱ्या. साखर कारखान्यालाही हा मान नाही. वर्तमानपत्रं त्याला अवतरणचिन्हांत घालून 'कृष्णा'च्या सभेत असं छापतात. ती दोन चिन्हं म्हणजे उपसंपादकाची नाव-निश्चितीच की.

थोडक्यात, ज्या प्रश्नासाठी लोकांनी मोठमोठी यंत्रं बसवली, त्याचं अर्धं उत्तर मराठी एका मात्रेत लिहून देते. मग यंत्र ते वाचत का नाही?

एक तर आपणच ते पुसतोय. रोमनमध्ये टंकलं की मात्रा आणि काना यांचं काय होईल सांगता येत नाही. नदी, देव, दूधवाला, गायिका, सगळे एकाच स्पेलिंगात कोंबले जातात. (मराठी माणूस ऋकाराचा उच्चार रु करतो म्हणून कधीकधी आर नंतर यू लिहितो, हिंदीवाला आय. कृष्णा अभिषेक यू लिहितात. तेवढाच एक धागा.) बोलतानाही 'कृष्णेचं' म्हणण्याऐवजी 'कृष्णा नदीचं' म्हणून सुटका करून घेण्याकडं कल वाढलाय. आणि मी तर चक्क चुकलोच होतो.

दुसरं कारण यंत्राच्या पोटात आहे. शोधयंत्रं शब्दांचे प्रत्यय कापून मूळ काढतात. शाळेत, शाळेचा, शाळांना, सगळ्यांचं मूळ एकच धरलं की शोध सोपा. पण हीच कात्री सरसकट चालवली की कृष्णाचा आणि कृष्णेचा दोन्हींचं 'कृष्ण' होतं. ज्या टोकाला खूण होती, नेमकं तेच टोक कचऱ्यात.

'नदी' हा शब्द जोडला की भागलं नाही का?

बहुतेक वेळा भागतं. म्हणून घाईत असाल तर जरूर जोडा. पण संगतीवर विसंबणारी पद्धत कुठं फसते, हे बघायला नदीबरोबर खाली चला, आंध्रात.

तेलुगू सुपरस्टार कृष्णांचं गाव बुर्रिपालेम. तेनालीजवळ, गुंटूर जिल्ह्यात, म्हणजे कृष्णेच्या मुखाकडच्या सुपीक पट्ट्यात. त्यांच्यावरच्या कुठल्याही लेखात तेनाली, गुंटूर, विजयवाडा ही नावं येणार. नदीवरच्या लेखातही तीच येणार. शेजारचे शब्द सारखेच, मग संगतीवरून निवाडा कसा करायचा? तेलुगूत निदान लिहिण्यात फरक आहे. नदीच्या नावाचा शेवट दीर्घ, माणसाच्या नावाचा ऱ्हस्व. रोमनमध्ये आणि हिंदी बातम्यांत तोही जातो.

गुंता इथं संपत नाही. नदीच्या नावाचा तिथं एक जिल्हाही आहे, कृष्णा जिल्हा. इंग्रजांच्या कागदांत तो 'किस्टना'. एप्रिल २०२२ मध्ये आंध्रानं जिल्ह्यांची फेररचना केली, तेव्हा कृष्णा जिल्ह्यातून विजयवाडा काढून वेगळा जिल्हा केला आणि त्याला नाव दिलं एनटीआर. म्हणजे नंदमुरी तारक रामाराव, नट आणि मुख्यमंत्री, ज्यांनी 'मायाबाजार'सकट कितीतरी चित्रपटांत कृष्ण उभा केला. विजयवाडा ऐन कृष्णेकाठी, तिथं आता नटाचं नाव. आणि त्या नटाचं जन्मगाव निम्मकुरू मात्र राहिलं कृष्णा जिल्ह्यातच. नदीकाठच्या शहराला नटाचं नाव आणि नटाच्या गावाला नदीचं. हे कुणी गोष्टीत लिहिलं असतं तर संपादकानं 'जरा ओढूनताणून वाटतं' म्हणून परत पाठवलं असतं.

त्याच २०२२ मध्ये तेलुगू पडद्यावरचे दोन ज्येष्ठ नायक दोन-अडीच महिन्यांच्या अंतरानं गेले. सप्टेंबरात कृष्णम राजू, नोव्हेंबरात कृष्णा. नावाचा अर्धा भाग सारखा, व्यवसाय तोच, भाषा तीच, वर्ष तेच. दोघांच्या बातम्या एकत्र करून सारांश लिहायला बसलेल्या यंत्रानं एकाचं दुःख दुसऱ्याच्या घरी नेलं, तर मला नवल वाटणार नाही.

एआयला आता सगळं कळतं, नाही का?

पूर्वीपेक्षा पुष्कळ कळतं, हे मान्य करायला हवं. का ते मंडईच्या भाषेत सांगतो.

ही यंत्रं शब्दांचा एक मोठा बाजार मांडतात. एकमेकांबरोबर येणारे शब्द जवळजवळ बसतात. कांदा-बटाटा-लसूण एका रांगेत, झेंडू-शेवंती दुसऱ्या. जुन्या पद्धतीत प्रत्येक शब्दाला एक पक्का गाळा होता. कृष्णा या शब्दाचा गाळा मग नदी आणि नट यांच्या अधेमधे कुठंतरी पडायचा, दोन्ही गिऱ्हाइकांना गैरसोयीचा. २०१७ नंतर जी रचना आली, तिनं गाळे मोडून हातगाड्या केल्या. प्रत्येक वाक्यात शब्द आपली गाडी नव्यानं लावतो, शेजारी कोण आहे ते बघून. 'विसर्ग' दिसला की गाडी पाण्याकडं, 'मालिका' दिसली की पडद्याकडं. भर्तृहरीची यादी त्यांना कुणी शिकवलेली नाही. अफाट वाचनातून तिच्यातलं बरंचसं त्यांच्या अंगी आलं.

पण हातगाडी लावायला शेजारी कुणीतरी हवं. 'कृष्णाची पातळी' या दोन शब्दांत शेजार तो किती? पातळी नटाच्या अभिनयाचीही असते, विनोदाची तर हमखास घसरलेली असते. प्रश्न जितका छोटा, तितका यंत्राचा आधार बाजारी तराजूवर.

शिवाय मराठी वाचन तोकडं पडतं. जाळ्यावर मराठी मजकूर इंग्रजीच्या मानानं चिमूटभर. आणि जो आहे तो यंत्रात जाताना तुकडे होऊन जातो. 'कृष्णा' साठवायला संगणकाला १८ बाइट लागतात, रोमन स्पेलिंगला सात. एवढा लांब माल गाडीत बसवायला तो मधेच तोडतात, आणि तोडण्याची जागा इंग्रजीच्या सोयीनं ठरलेली असेल तर 'कृष्णेच्या'चे तुकडे व्याकरणाच्या सांध्यावर पडतीलच असं नाही. आत्या जी मात्रा कानानं पकडते, ती यंत्रापर्यंत कधी अर्धवट तुकड्यात पोचते, कधी तोलून बघण्याइतकी उदाहरणंच त्यानं पाहिलेली नसतात.

माणसांचाही घोळ होतोच की

होतो. पण माणूस अडला की विचारतो, "कुठला कृष्णा?" वाड्यात, शाळेच्या हजेरीत, बँकेत, आपलं निम्मं आयुष्य या प्रश्नात जातं. यंत्रालाही विचारता येतं. बनवणाऱ्यांनी ते फारसं करू दिलं नाही, कारण दर वेळी उलट प्रश्न करणारा नोकर धन्याला आवडत नाही. ठाम उत्तर देणारा हुशार वाटतो. माझ्या फोननं 'नदी की नट?' एवढं विचारलं असतं तर मी खूश झालो असतो. पण हे आता म्हणायला सोपं. रोज शंभर वेळा विचारता झाला असता तर मीच तो बंद केला असता.

दुसरा उलटा घोळही ध्यानात घ्या. एका नावाचे अनेक धनी, तशी एका धन्याची अनेक नावं. दादा कोंडके आणि कृष्णा कोंडके हे एकच, हे यंत्राला सांगावं लागतं. कृष्णा, कृष्णावेणी, कृष्णामाई, किस्टना, ही एकच नदी. वाईत तर ती कृष्णाबाई. तिथं हिवाळा संपता संपता एकेका आळीचा घाटावर कृष्णाबाईचा उत्सव होतो, मांडव पडतो, मूर्ती बसते, प्रसादाच्या पंगती उठतात. नदीला बाई, माई म्हणणं ही नुसती भक्ती नाही. बोलणाऱ्याची सोय आहे ती. कृष्णा कोणीही असेल, कृष्णाबाई एकच.

मग नावावर हक्क कुणाचा?

हा प्रश्न कोर्टातही जातो, पण नदीच्या बाजूनं सहसा नाही. कलाकाराला आपल्या नावाचा, आवाजाचा, चेहऱ्याचा परस्पर धंदा थांबवता येतो. अरिजित सिंग यांना २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं असं संरक्षण दिलं, त्यात एआयनं आवाज चोरण्याचा मुद्दा होता. नदीला कोण वकील देणार? ॲमेझॉन कंपनीनं २०१२ साली '.amazon' हे जाळ्यावरचं नाव मागितलं... हे बघा, देवनागरीत लिहायला गेलं तर 'डॉट ॲमेझॉन'. तर ते मागितलं, तेव्हा ब्राझील आणि पेरूनं हरकत घेतली की हे आमच्या नदीचं, आमच्या प्रदेशाचं नाव आहे. वाद सात वर्षं चालला आणि २०१९ मध्ये निर्णय कंपनीच्या बाजूनं गेला. कृष्णेवर तसं संकट अजून नाही. एवढ्या जणांनी ते नाव घेतलंय की एकट्यानं कुणाला गिळता येणार नाही.

यंदा पावसाळा लागल्यावर मी फोनला पुन्हा विचारून पाहिलं. आधी नीट, आत्यानं सांगितलं तसं: "कृष्णेची पातळी किती?" या वेळी नट आला नाही. महाबळेश्वर समुद्रसपाटीपासून किती उंच आहे ते आलं. प्रगती म्हणायची. मग वाईकरांची युक्ती लढवली. "कृष्णामाईची पातळी किती?"

फोननं गाणं लावलं. जुनं, संथ, तुम्हाला माहीत असेल ते. पूर्ण ऐकलं, आणि मग आत्याला फोन केला.